पूर्वीची मेटॅलिका राहिली नाही

देवगडचा हापूस बिघडला म्हणायला स्वतःची कलमं लागत नाहीत, तशी मेटॅलिका, म्हणजे अमेरिकेतला तो हेवी मेटल बँड, बिघडली म्हणायला गिटार यावी लागत नाही. काळा टीशर्ट पुरे. मे महिन्यात घाला. घाम हीच निष्ठा.

मग एक साल धरा आणि त्यानंतर सगळं संपलं म्हणा. नवशिके 1991 धरतात. बॉब रॉक निर्माता म्हणून आला, गाणी संथ नि आटोपशीर झाली, काळ्या मुखपृष्ठाचा तो अल्बम एकट्या अमेरिकेत दीड कोटीहून जास्त खपला. एवढ्यांना आवडला म्हणजे वाईटच. पण हे आता स्टँडवरचा रिक्षावालाही सांगतो, तेव्हा तुम्ही मागे सरका. 1986 म्हणा: 'मास्टर ऑफ पपेट्स' आला आणि त्याच वर्षी सप्टेंबरात स्वीडनमध्ये बस उलटून बेसवादक क्लिफ बर्टन गेला. (इथे थट्टा नको.) मुरलेले 1984 वर जातात, 'राइड द लायटनिंग'मध्ये साधी लाकडी गिटार ऐकू आली तिथेच बाटले म्हणतात. त्याहून मुरलेला फक्त 1983 चा 'किल एम ऑल' मानतो. तुमचा जन्म 2001 चा असला तरी चालेल.

1988 च्या '...अँड जस्टिस फॉर ऑल'मध्ये क्लिफच्या जागी आलेल्या जेसन न्यूस्टेडचा बेस मिक्सिंगमध्ये गडप झाला. तिरफळाशिवाय बांगड्याचं तिखलं म्हणा, आपल्याकडे लगेच कळतं. 1996 च्या 'लोड'ला त्यांनी केस कापले, हे दुःख मात्र घरात बोलू नका. पोस्टर बघून आमचे काका म्हणाले, ''आता कसे माणसात इले!''

2003 च्या 'सेंट अँगर'वर सावकाश बोला. गिटारचा एक सोलो नाही, आणि ड्रमर लार्स उल्रिकने स्नेअर ड्रमखालच्या तारा सोडूनच ठेवलेल्या. मी तो माडीवर मोठ्याने लावला तर मागच्या परड्यातून आजी ओरडली, ''माकडां इली काय रे? डबो कोण वाजयता?'' कलमावरची दोन माकडं खरंच शेजाऱ्यांकडे पळाली. आता हंगामात आजी स्वतःच तो लावायला सांगते. हे कुठे बोलू नका, आपली बाजू लंगडी पडते.

2008 ला 'डेथ मॅग्नेटिक'मध्ये जुना वेग आणि सोलो परतले. गडबडू नका. आवाज इतका चढवलाय की फुटतो, ही तक्रार तयार आहे, आणि ती खरीही आहे. 2023 च्या '72 सीझन्स'ला ''तेच तेच वाजवतात'' पुरेल.

2011 ला ते बंगळुरूला येऊन गेले. का गेला नाहीत विचारलं तर, ''पूर्वीची मेटॅलिका असती तर गेलो असतो.'' तेव्हा तुम्ही पाचवीत होता. समोरचा बोटं मोजायला लागायच्या आत चहा सांगा.