रिसिव्हरच्या अहवालाला पाऊस लागत नाही

भावाभावांत कुळागरावरून, म्हणजे सुपारीच्या बागेवरून, दावा लागला, निकाल होईपर्यंत मालमत्ता सांभाळायला कोर्टाने रिसिव्हर नेमला आणि त्याचा अहवालही दाखल झाला? अभिनंदन! तुमचे काम झाले. आता तेवढे कुळागराला समजवा.

१९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश ४० एकदा जरूर वाचा. कोर्ट देईल त्या अधिकारात रिसिव्हरने मालमत्ता सांभाळावी, राखावी, सुधारावीसुद्धा. हिशेब द्यावा. जाणूनबुजून नुकसान केले तर त्याच्याच मालमत्तेवर टाच. सगळे मिळून पाच नियम. त्याच्या अहवालावर किती दिवसांत हुकूम व्हावा, हे मात्र त्यांत शोधत बसू नका. चष्म्याचा नंबर वाढेल.

सुपारीला कायदा कोणी शिकवलेला नसतो, ही खरी अडचण. सुपारी गळवणारा कोळेरोग पावसाबरोबर येतो. म्हणून पावसाआधी घोसांवर १ टक्का बोर्डो मिश्रण (मोरचूद आणि चुना) मारायचे आणि ४०-४५ दिवसांनी पुन्हा. हे गोव्यात फोंड्याकडच्या कुळागरात शेंबडे पोरही सांगेल. रिसिव्हर बिचारा एप्रिलमध्येच लिहितो, 'फवारणीच्या खर्चाला परवानगी मिळावी.' अहवाल फायलीला लागतो. प्रतिवादी क्रमांक तीनच्या वकिलांना 'से', म्हणजे लेखी म्हणणे, द्यायला मुदत हवी असते. तेवढ्यात मेची सुट्टी. जूनमध्ये 'से' येतो: फवारणीला हरकत नाही, खर्च थोरल्याने करावा. थोरल्याचे वकील यावर उत्तर द्यायला तारीख घेतात. जुलैत सुपारी हिरवीच गळून सडा पडतो. आणि दिवाळीच्या सुट्टीनंतर हुकूम होतो: फवारणीस परवानगी. (हुकूम अगदी रीतसर असतो हो. बोट ठेवायला जागा नाही.)

एका पक्षाला तीनच तहकुबी असा नियम आहे ना, असे वकिलांना चारचौघांत विचारू नका. आपल्या गोव्यात नवरा-बायकोची मालमत्ता सहसा सामाईक, त्यामुळे प्रत्येक भाऊ दाव्यात बायकोसकट. पाच भाऊ म्हणजे दहा जण. दहा त्रिक तीस. त्यातला एखादा पोर्तुगालात असला, तर नोटीस पोचेपर्यंत नवी लावलेली पोफळ धरायला लागते.

घराचे काय? छपराचे नळे (कौले) सरकले आहेत, वासे कुजले आहेत, मागची भिंत पोटुशी झाली आहे, असे अहवालाच्या पान चारवर फोटोंसह आहे. पान चार कोरडे ठणठणीत असते. तेवढ्यावर समाधान माना. उगाच तळमळून स्वतः शिडी लावू नका. मालमत्ता आता कोर्टाच्या ताब्यात. विनापरवानगी एक नळा हलवलात तर धाकटा अवमानाचा अर्ज टाकील, आणि त्याची नोटीस मात्र आठवड्यात दारात. भिंत पडलीच, तर रिसिव्हर दुसरा अहवाल देईल. तो पहिल्या अहवालासोबतच सुनावणीला ठेवतील, म्हणजे पहिल्याला सोबत झाली.

वकिलांना दर महिन्याला फोन करून 'आमचा रिपोर्ट कधी?' म्हणून छळू नका. त्यांनाही ठाऊक नसते. कोर्टात जाऊन बसा, पंखा असतो. पुकारा झाला की उभे राहा, तारीख लिहून घ्या, बाहेर चहा घ्या. तिथेच भाऊही भेटतात. घरी तर बोलणे बंदच.

आणि हो, मूळ घराला रिसिव्हरचे कुलूप असेल तर चवथीच्या गणपतीसाठी ते उघडून मागायचा अर्ज आजच टाका. फक्त कोणत्या वर्षाची चवथ, ते त्यात लिहू नका.