वारस नोंदीसाठी हायकोर्ट?

तात्यांना जाऊन दीड वर्ष झालं, पण सातबाऱ्यावर ते परवापर्यंत जिवंत होते. गावच्या सोसायटीत विचारावं तर "आधी नाव लावून आणा." आई दर बाजाराच्या दिवशी तालुक्याला जायची. उत्तर ठरलेलं, साहेब मीटिंगला गेलेत. एकदा तर चक्क "कोर्टाचा वारस दाखला आणा" म्हणाले.

इथेच निम्मे लोक फसतात. दिवाणी कोर्टाचा वारस दाखला मिळतो तो 1827 च्या रेग्युलेशनखाली. बँकेतल्या ठेवी, शेअर यांच्यासाठी 1925 च्या कायद्याखालचा उत्तराधिकार दाखला, तो वेगळा. वाद नसलेल्या शेतजमिनीच्या वारस नोंदीला यातलं काही लागत नाही. मृत्यूचा दाखला, प्रतिज्ञापत्र, अर्ज. गाव नमुना 6-क, म्हणजे तलाठ्याच्या वारस नोंदवहीत नोंद, मग फेरफार (सातबाऱ्यावरच्या नावबदलाची नोंद), नोटीस, 15 दिवसांत हरकत आली नाही की मंडळ अधिकाऱ्याची सही. आम्हा भावंडांत वाद नव्हताच. नोटीसच निघाली नव्हती!

वकील मित्र म्हणाला, "दावा टाकू नकोस. तुझं भांडण भावाशी नाही, टेबलाशी आहे." त्यावर उपाय राज्यघटनेच्या कलम 226 खालची रिट, म्हणजे सरकारी कार्यालयाला त्याचं काम करायला लावा अशी हायकोर्टातली याचिका. हायकोर्ट सहसा 'नाव लावा' असं सांगत नाही, 'अर्जावर इतक्या आठवड्यांत निर्णय घ्या' एवढंच सांगतं. मालकीचा प्रश्न तिथे नसतोच. नुसत्या फेरफारानं मालकी मिळत नाही, हे सुप्रीम कोर्टानं कितीदा सांगितलंय. पण रिटला आधार काय? अर्जाची पोच, तारखेच्या शिक्क्यासकट. आईकडे एसटीची ढीगभर तिकिटं निघाली, पोच एकही नाही.

मग नवा अर्ज, पोच, 45 दिवस वाट. 2005 च्या दप्तर दिरंगाईच्या कायद्यात फाइल एका टेबलावर कामकाजाच्या सात दिवसांवर राहू नये असं लिहिलंय. म्हणून माहिती अधिकारात एवढंच विचारलं, आमची फाइल कोणत्या तारखेला कुणाकडे होती? सोबत वकिलाची नोटीस, रिट करू म्हणून. नवव्या दिवशी चावडीवर फेरफाराची नोटीस लागली.

आनंद झाला, पण रागच जास्त आला. सेवा हक्क कायद्यात उशिराला दंड 500 ते 5000 रुपये, तोही ती सेवा सरकारनं कायद्याच्या यादीत घातली (अधिसूचित केली) असेल तर. वकिलाची फी याहून जास्त. ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच आहे, आम्हा सांगलीकरांची मुंबईची खेप वाचली, हे खरं. पण 15 दिवसांच्या नोटिशीसाठी विधवा बाईनं हायकोर्टाचं नाव का घ्यावं? त्याच वर्षी सरकारनं मयताच्या जागी वारसांची नावं लावायला 'जिवंत सातबारा' मोहीम काढली. म्हणजे दुखणं त्यांनाही ठाऊक आहे.

काल सातबारा काढला. आईच्या नावातला एक काना गायब. आता जमीन महसूल संहितेच्या कलम 155 खाली दुरुस्तीचा अर्ज.

आई म्हणाली, "पोच तेवढी घे रे."