आमचा रोमटामेळ आणि ते सात तास

यंदा गोव्यात फोंड्याच्या शिगमोत्सव (होळीच्या सुमाराचा उत्सव) मिरवणुकीत आमच्या वाड्यावरच्या बायकांचा रोमटामेळ, म्हणजे ढोल-ताशांवर नाचत जाणारं पथक, होता आणि माझ्या गळ्यात ढोल. तळहाताला फोड आलेत. एका बोटानं टाइप करतेय, चुका सांभाळून घ्या.

दुसऱ्या दिवशी व्हॉट्सअॅपवर 'नारीशक्तीला सलाम' आलं. बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण बायका नाचायला मिरवणुकीची वाट बघत बसल्या नव्हत्या. पौषात मांडावर, म्हणजे वाड्यावरच्या ठरलेल्या पवित्र अंगणात, धालो होतातच, बायकांचा रात्रीचा नाच-गाण्यांचा खेळ. समोरासमोर दोन रांगा, एकमेकींच्या कमरेला हात, शेवटच्या रात्री सोंगं, आणि गाण्यात मराठी कुठे संपते नि कोकणी कुठे सुरू होते ते गाणारीलाही सांगता यायचं नाही. पुरुषांनी तिकडे फिरकायचं नाही. परीक्षक नाही, बक्षीस नाही. माझ्या सासूबाई मांडावर जशा खुलतात तशा मिरवणुकीतल्या फुगडीत नाही खुलत. तिथे निम्मं लक्ष मंचाकडे.

मग रस्त्यावर नवीन काय मिळालं? आवाज. ढोल, तासे पुरुषांचे, आमच्या वाट्याला आरतीचं तबक. 'घणचे कटर घण' हा ढोल-ताशांचा ताल आम्ही खिडकीतून ऐकत मोठ्या झालो. आता तेच फोंड्यातल्या भर तिस्कावर, घसा बसेपर्यंत 'ओस्सय' ही शिगम्याची आरोळी ठोकत आम्ही वाजवलं. कांसाळ्यांवर (मोठ्या झांजांवर) दोन ख्रिस्ती शेजारणी होत्या. त्यांच्या कार्निव्हालच्या चित्ररथाला कागदी फुलं आम्हीच चिकटवली होती, त्याची ही परतफेड, असं त्या म्हणाल्या.

आता दुसरी बाजू. साडेचारला नऊवारी नेसून तयार झालो, नंबर लागला साडेअकराला. सात तास. जवळपास बायकांसाठी शौचालय नाही, म्हणून आमच्यातल्या निम्म्याजणी दुपारपासून पाणीच प्यायल्या नव्हत्या. त्यात पुढच्या चित्ररथाचे भोंगे इतके मोठे की आमचा ढोल आम्हालाच ऐकू येईना. आयोजकांच्या बैठकीला एकही बाई नव्हती. असती तर हे पहिल्या पाच मिनिटांत निघालं असतं. मंचावर मात्र सत्काराला पाचजणी, ओटीच्या खणासकट.

फिरतं शौचालय, महिला पथकं रात्री दहाच्या आत, आणि बैठकीत आमच्या दोघीजणी. एवढाच अर्ज लिहिलाय. म्हापसा, डिचोलीच्या मिरवणुकांत नाचणाऱ्या बायांनो, तुमच्याकडे काय परिस्थिती आहे ते खाली लिहा. सह्या रविवारी, देवळाच्या मंडपात, पाच वाजता. ढोल आणणार आहे.