गर्भातली वासरं आणि चर्मपत्रावरची बायबलं: तो मेसेज पुढे पाठवण्याआधी

एक लांबलचक मेसेज सध्या सगळ्या ग्रुपवर फिरतोय. त्याचा मजकूर थोडक्यात असा: चर्मपत्राचा, म्हणजे लिहिण्यासाठी तयार केलेल्या कातड्याचा, शोध पर्गमॉनच्या (आजच्या तुर्कस्तानातल्या एका प्राचीन ग्रीक राज्याच्या) राजाने लावला. युरोपातल्या मठांत गाभण गाई कापून, पोटातली वासरं काढून त्यांच्या कातड्यावर बायबल लिहीत. विज्ञानाचा द्वेष म्हणून पाद्र्यांनी आर्किमिडीजचा ग्रंथ खरवडून टाकला. आणि भारतात मात्र ग्रंथासाठी कातडं कुणी कधी वापरलंच नाही. मी दुर्लक्ष करत होते. पण परवा भाचीने त्यातला वासरांचा परिच्छेद शाळेच्या प्रकल्पात जसाच्या तसा उतरवलेला पाहिला, आणि गप्प बसवेना.

आधी वासरांचंच बोलू, कारण खरं विष तिथे आहे.

तेराव्या शतकात खिशात मावतील अशी छोटी बायबलं तयार होऊ लागली. त्यांची पानं विलक्षण पातळ. एवढं पातळ कातडं गर्भातल्या वासराचंच असणार, असा तर्क निघाला. हा तर्क मेसेजवाल्याच्या डोक्यातून आलेला नाही, एवढं मान्य करते. हस्तलिखितांच्या अभ्यासकांमध्येही तो बराच काळ चालत आला होता. पण २०१५ साली यॉर्क विद्यापीठाच्या सारा फिडिमेंट, मॅथ्यू कॉलिन्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी फ्रान्स, इंग्लंड आणि इटलीत तयार झालेली अशी ७२ बायबलं तपासली. पानाचा तुकडाही कापला नाही. खोडरबर पानावर हलकेच घासलं की कातड्यातल्या प्रथिनाचे कण त्याच्या चुऱ्याला चिकटतात. त्या चुऱ्यावरून प्राणी ओळखला. वासरू, शेळी आणि मेंढी, तिन्ही निघाली. काही ग्रंथांत तर एकाहून जास्त प्राण्यांची पानं होती. अतिपातळ पानासाठी गर्भातलंच कातडं लागतं, या समजुतीला आधार मिळाला नाही. पातळपणा कारागिरीतून येत होता, हा त्यांचा निष्कर्ष. मेलेलं जन्मलेलं एखादं वासरू कधीच वापरलं गेलं नसेल, असं मी म्हणत नाही. पण गाभण गाई मारून ग्रंथ लिहिण्याची रीत होती, हे सरळ खोटं आहे. एवढ्या गाभण गाई मारल्यावर पुढच्या वर्षी गोठ्यात उरणार काय, हा प्रश्न तरी पुढे पाठवणाऱ्यांना पडायला हवा होता.

ती कारागिरी समजून घेतली तर हा सगळा मेसेजच कोसळतो. कातडं धुऊन चुन्याच्या पाण्यात बरेच दिवस भिजत ठेवतात, मग केस खरवडून काढतात. कमावत मात्र नाहीत. चपलेचं चामडं आणि चर्मपत्र यांत फरक पडतो तो इथेच. आपल्या तबल्याच्या पुडीचं कातडंही असंच, न कमावलेलं. ओलं असतानाच ते लाकडी चौकटीवर ताणतात. खिळे ठोकत नाहीत, कारण वाळताना आकसलं की खिळ्यापाशी फाटेल. म्हणून कडेला ठिकठिकाणी छोटा गोटा ठेवून कातडं त्याभोवती दुमडायचं, तिथे दोरी आवळायची आणि दोरीचं दुसरं टोक चौकटीच्या खुंटीला गुंडाळायचं. मग खुंट्या पिळत ताण वाढवायचा आणि चंद्रकोरीसारख्या सुरीने खरवडत जायचं. हात जरा जड पडला की बारीकशी चीर ताणाने लंबगोल भोक होते. जुन्या ग्रंथांत अशी भोकं दिसतात. लेखनिक भोक टाळून पलीकडे ओळ पुढे नेतो. ताणाखाली वाळल्यामुळे कातड्यातले तंतू पृष्ठभागाला समांतर थरांत बसतात, आणि पान किती पातळ होणार हे खरवडणाऱ्याच्या हातावर ठरतं.

वासरं मेली का? मेली. इंग्लंडच्या नॉर्थंब्रियात ७१६ सालाआधी तयार झालेल्या कोडेक्स अमियाटिनस या एका बायबलात हजारावर पानं आहेत, वजन ३४ किलोच्या आसपास, आणि त्यासाठी पाचशेच्या घरात वासरं लागली असावीत असा अंदाज आहे. हे कुणाला क्रूर वाटलं तर मी वाद घालणार नाही. वाद पोट फाडण्याच्या गोष्टीशी आहे.

आर्किमिडीजचा ग्रंथ खरवडला गेला, हेही खरं. दहाव्या शतकातली ती प्रत १२२९ मध्ये पुसून तिचं प्रार्थनापुस्तक केलं. पण द्वेषापोटी? पॅरिसच्या राष्ट्रीय ग्रंथालयात पाचव्या शतकातलं एक ग्रीक बायबल आहे. बाराव्या शतकात तेही पुसलं आणि वर एफ्रेम या सीरियन संताची प्रवचनं लिहिली. ख्रिस्ती लोकांनी बायबलच पुसलं, तो कशाचा द्वेष? कातडं महाग होतं, म्हणून जुनं पुन्हा वापरत.

पर्गमॉनची कथा रोमन लेखक प्लिनीने व्हॅरो या त्याच्या आधीच्या रोमन विद्वानाच्या हवाल्याने दिली आहे: इजिप्तच्या राजाने पपायरस (पाणवनस्पतीपासून केलेला लिहिण्याचा कागद) रोखला, म्हणून पर्गमॉनचा राजा युमेनीस याच्या राज्यात चर्मपत्र शोधलं गेलं. युमेनीस दुसरा इसवी सनपूर्व १९७ मध्ये गादीवर आला. त्याच्या दोनशेहून अधिक वर्षं आधी ग्रीक इतिहासकार हिरोडोटस लिहून ठेवतो, की पपायरस मिळेना तेव्हा आयोनियन ग्रीक लोक शेळ्यामेंढ्यांच्या कातड्यावर लिहीत. पर्गमॉनमध्ये हा धंदा नावारूपाला आला असेल. शोध तिथला नाही.

राहिला भारत. भूर्जपत्र, ताडपत्र आणि पुढे कागद, हीच आपली मुख्य साधनं, यात शंका नाही. पण ‘कुणी कधी नाही’? अलिबागच्या, पुण्याच्या, मुंबईच्या सिनेगॉगमध्ये, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळात, वाचला जाणारा तोरा हा त्यांचा धर्मग्रंथ चर्मपत्राच्या गुंडाळीवर हाताने लिहिलेला असतो. धर्मनियमच तसा आहे. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग सॅम्युएल इझिकेल दिवेकर यांनी १७९६ मध्ये उभारलं. बेने इस्राएली, म्हणजे आपले मराठी ज्यू, पिढ्यान्‌पिढ्या कोकणात तेल गाळत आले, शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून गावाने त्यांना शनवार तेली म्हटलं, आणि घरात ते मराठीच बोलत आले. त्यांचा ग्रंथ भारतातला नाही असं म्हणायचं, तर आधी त्यांनाच परके ठरवावं लागेल. ते मी ऐकून घेणार नाही.