हायकोर्टात रिट टाकलंय, तारीख द्या

"साहेब, वर रिट टाकलंय, तारीख द्यावी." तालुक्याच्या दिवाणी कोर्टात सर्वात जास्त चालणारं वाक्य हेच. म्हणजे खालच्या आदेशाविरुद्ध हायकोर्टात अर्ज केलाय, तोवर इथलं काम पुढे ढकला. खोटं कशाला बोलू, मीही ते अनेकदा म्हटलंय.

सध्या माझ्याकडे वाटपाचा एक दावा आहे. बहीण वादी, भाऊ प्रतिवादी. वादाचे मुद्दे निघाले, बाईंचा उलटतपास सुरू झाला आणि तेव्हा भावांना कैफियत (दाव्याला दिलेलं लेखी उत्तर) दुरुस्त करायचं सुचलं. अर्ज नामंजूर झाला. मग रिट. स्थगिती मिळालेली नाही, तरी रोजनाम्यावर (कोर्टाच्या तारखेवारी नोंदीत) दीड वर्ष एकच ओळ: 'प्रतिवादीतर्फे मुदत अर्ज, मंजूर.'

मधल्या आदेशांना आव्हान द्यायची सोय दिवाणी प्रक्रिया संहितेत नाही असं नाही. निशाणी ५ वर, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर, मनाई हुकूम दिला किंवा नाकारला, तर आदेश ४३ च्या यादीप्रमाणे लगेच अपील आहे. जे आदेश त्या यादीत नाहीत, त्यांतली निकालावर परिणाम करणारी चूक कलम १०५ प्रमाणे शेवटच्या हुकूमनाम्यावरच्या अपिलात काढता येते. १९०८ पासून आहे हे. पण पक्षकाराला "आत्ता गप्प बसा, अपिलात बघू" असं सांगायचं धाडस किती वकिलांत आहे? पक्षकार उद्याच दुसरा वकील गाठतो.

पूर्वी कलम ११५ खाली रिव्हिजनांचा, म्हणजे खालचा आदेश हायकोर्टाने तपासावा अशा अर्जांचा, पाऊस पडायचा. १ जुलै २००२ पासून तो रस्ता अरुंद केला: आदेश अर्जदाराच्या बाजूने झाला असता तर दावाच निकाली निघाला असता, अशा वेळीच रिव्हिजन. शिवाय नुसती रिव्हिजन दाखल केली म्हणजे दावा थांबत नाही, हेही लिहून ठेवलं. झालं काय, तर गर्दी घटनेच्या अनुच्छेद २२७ कडे, म्हणजे खालच्या कोर्टांवर देखरेख करण्याच्या हायकोर्टाच्या अधिकाराकडे, वळली. त्याला 'रिट' म्हणू नका, असं सुप्रीम कोर्टाने २०१० मध्ये शालिनी श्याम शेट्टी प्रकरणात सांगितलं, तेही मुंबई हायकोर्टातून गेलेल्या प्रकरणात. आम्ही अजून रिटच म्हणतो.

२२७ बंद करा असं मात्र मी म्हणणार नाही. बांधाच्या भांडणात मोजणीसाठी कोर्ट कमिशनर (कोर्टाने जागेवर पाठवायचा माणूस) नाकारला, तर दहा वर्षांनी अपिलात जिंकून काय उपयोग? तोवर बांध नांगरून झालेला असतो. साक्षीदार म्हातारा असेल तर तेच. अशा वेळी वर धावायलाच हवं.

माझा राग आहे तो खाली मिळणाऱ्या फुकटच्या स्थगितीवर. हायकोर्टाने न दिलेली स्थगिती आम्ही वकील आणि दिवाणी न्यायाधीश मिळून देतो. न्यायाधीशांचीही अडचण कळते. पुरावा नोंदवून घेतला आणि वरून आदेश फिरला, तर सगळं परत. पण त्या भीतीपोटी बाईंनी किती वर्षं एसटीने यायचं?

परवा मी हायकोर्टाच्या वेबसाइटवरचं केस स्टेटस छापून पुरसीससोबत (कोर्टाला दिलेल्या लेखी निवेदनासोबत) दाखल केलं. स्थगिती नाही, प्रकरण अजून दाखलपूर्व सुनावणीतच, म्हणजे ते ऐकायला घ्यायचं की नाही हेच ठरलेलं नाही. साहेबांनी वाचलं, समोरच्या वकिलांकडे पाहिलं आणि 'शेवटची संधी' लिहून पुढची तारीख दिली.