ज्याला कॅमेरा चालवता येतो, तो स्वमग्न कसा?

स्वमग्न (ऑटिस्टिक) व्यक्तींनी स्वतःच्या जगण्यावर केलेल्या माहितीपटांबद्दल एक विधान वरचेवर पुढे पाठवले जाते. ज्याला चित्रीकरण आणि संकलन जमते तो खरा स्वमग्न नव्हे, न बोलणाऱ्यांची बाजू त्यांच्या पालकांनीच मांडावी, आणि स्वतःवर स्वतःच केलेला चित्रपट तटस्थ नसल्याने तो माहितीपटच नव्हे, असे त्याचे तीन भाग आहेत.

पहिल्याचे उत्तर थोडक्यात देता येते. डीएसएम-५ या मानसोपचारातील २०१३च्या निदानपुस्तिकेत सामाजिक संवादातील अडचणी आणि तेच ते करत राहण्याचे वर्तन हे मुख्य निकष आहेत. बौद्धिक किंवा भाषिक अडचण सोबत आहे की नाही, याची नोंद वेगळी करायची असते. संकलन येते म्हणून निदान रद्द होते, असे त्यात कुठेही नाही.

न बोलणाऱ्यांच्या मुद्द्याकडे मात्र नीट पाहायला हवे. अमेरिकेतील स्वमग्न ब्लॉगर मेल बॅग्ज टंकलेखन करून यंत्राच्या आवाजात संवाद साधत. त्यांनी २००७ मध्ये यूट्यूबवर ठेवलेली ‘इन माय लँग्वेज’ ही चित्रफीत सुमारे साडेआठ मिनिटांची आहे. सुरुवातीची काही मिनिटे त्यात शब्दच नाहीत: खिडकीपुढे डोलणे, हुंकार, पुस्तकाच्या पानांवर घासलेला चेहरा, नळाच्या धारेत खेळणारी बोटे. मग ‘भाषांतर’ असे शीर्षक येते, आणि यंत्राचा आवाज सांगतो की आधीचा भाग माझ्या मातृभाषेत होता. पाणी कशाचेही प्रतीक नव्हते, माझा पाण्याशी आणि पाण्याचा माझ्याशी व्यवहार चालला होता. हा क्रम हाच या चित्रफितीचा युक्तिवाद आहे, कारण भाषांतर आधी आले असते तर प्रेक्षकाने त्या हालचाली निरर्थक ठरवल्याच नसत्या, आणि आपण काय गृहीत धरून बसलो होतो हे त्याला कळलेही नसते. परिसराशी अखंड चाललेल्या या देवघेवीला लोक ‘आपल्याच जगात असणे’ म्हणतात, यावर बॅग्ज यांचा आक्षेप आहे. आपला ‘स्वमग्न’ हा शब्दही नेमके तेच म्हणतो, आणि दुसरा रूढ शब्द नसल्याने मीही तोच वापरतो आहे.

आता तटस्थता. २००६च्या ‘ऑटिझम एव्हरी डे’ या पालकांवरील लघुपटात एक आई, मुलगी त्याच खोलीत असताना, तिला गाडीत घालून तिच्यासह गाडी पुलावरून खाली झोकून देण्याचा विचार मनात येऊन गेल्याचे सांगते. आईचा थकवा खोटा नाही आणि तो दाखवू नये असेही माझे म्हणणे नाही. परंतु मुलीने ते ऐकले तेव्हा तिला काय वाटले, हा प्रश्न त्या लघुपटाला पडत नाही. मग तो तटस्थ आणि बॅग्ज यांची चित्रफीत तेवढी एकतर्फी, हे कोणत्या कसोटीवर ठरवायचे?

बॅग्ज पूर्वी बोलत असत, असे जुन्या परिचितांनी सांगितल्यावर त्यांच्या निदानावरच शंका घेतली गेली. बॅग्ज यांनी ते बोलणे नाकारले नाही. विशीत वाचा गेली, असे त्यांचे म्हणणे होते. त्यांचे २०२० मध्ये निधन झाले. ही शंका पूर्ण खरी मानली, तरी पाण्याविषयी चित्रफितीत जे सांगितले आहे, ते एकेकाळी बोलता येत होते एवढ्यावरून खोटे ठरत नाही.