आदेश आला? पाकीट फोडू नका!

प्रादेशिक परिवहन प्राधिकरणानं तुमच्या काळी-पिवळीच्या परवान्याचं नूतनीकरण नाकारलं ना? मग भाऊ, आधी चहा सांगा. आदेशाचं पाकीट तसंच ठेवून द्या. फोडलं की तारीख दिसते, तारीख दिसली की मुदत मोजावी लागते, आणि मुदत मोजणाऱ्याला गावात कोर्टबाज म्हणतात.

मोटार वाहन कायदा, १९८८ मध्ये कलम ८९ खाली अपील आहे. जिथं अपील नाही तिथं कलम ९० खाली पुनरीक्षण, म्हणजे आदेशाची वरून फेरतपासणी, मुदत ३० दिवस. दिल्लीत बसून दिवस ठरवणाऱ्यांना काय ठाऊक, सोयाबीन सोंगायला आलं असताना यवतमाळचा वकील गाठणं म्हणजे काय! त्यानंतर दिवाळी, कापसाची वेचणी, तूर आणि मग लग्नसराई. लग्नसराईत गाडीला उसंत नसते. परवाना नसतानाही? हो तर! बिनापरवाना धावलं तर कलम १९२-अ खाली पहिल्याच खेपेला दंड किंवा कैद होऊ शकते खरी, पण म्हणून वऱ्हाड काय पायी न्यायचं?

चौथ्या वर्षी मात्र नागपूर गाठा. अपील वगैरे सोडा, थेट उच्च न्यायालयाच्या खंडपीठात रिट याचिका. ती ज्याखाली करतात त्या घटनेच्या अनुच्छेद २२६ ला मुदतच नसते, असं स्टँडवरच्या एजंटानं तुम्हाला सांगितलं असेलच. आकडा लिहिलेला नाही, हे अगदी खरं. न्यायमूर्ती फक्त ‘इतके दिवस कुठे होता?’ एवढंच विचारतात आणि पुढचं प्रकरण पुकारायला सांगतात.

त्या प्रश्नाला उत्तर म्हणून कावीळ तयार ठेवा, दाखल्यासकट. अंथरुणाला खिळलेल्या त्याच महिन्यात सरपंचाच्या मिरवणुकीत गुलाल उधळतानाचा तुमचा फोटो व्हॉट्सॲपवर फिरला होता. समोरचा वकील तो कशाला पाहतो! शिवाय उशीर माफ करण्याबद्दलचा १९८७ चा कातिजी खटला ठासून सांगा. एकेका दिवसाच्या हिशेबाचा कीस काढू नये, असं सर्वोच्च न्यायालयानं त्यात म्हटलंय. तिथं उशीर चार दिवसांचा होता, तुमचा चार वर्षांचा. चार म्हणजे चार.

दुसऱ्याच्या परवान्याला आव्हान द्यायचंय? मग अजून थांबा. त्याला कर्ज काढू द्या, गाडी घेऊ द्या, ड्रायव्हर ठेवू द्या, कॉलेजच्या पोरींना त्याच गाडीची सवय लागू द्या. मगच तुमचा अन्याय जागा होऊ द्या. (नव्याला परवाना मिळाला म्हणून जुन्या परवानाधारकाला हरकत घेता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयात मिथिलेश गर्ग खटल्यात ठरलंय. वकिलाला विचारू नका, तो सांगून टाकेल.)

आणि परवान्याचं आयुष्य मुळात पाच वर्षं. चौथ्या वर्षी दाखल झालेली याचिका सुनावणीला येईस्तोवर ज्या परवान्यासाठी भांडायचं तोच संपलेला असतो. याचिका निरर्थक म्हणून निकाली. हवं तर नव्यानं अर्ज करा, असं कोर्ट म्हणतं. लगेच फाट्यावर येऊन सांगा, “कोर्टानं अर्जाची परवानगी देल्ली ना बाप्पा!” पेढेही वाटा. अर्ज करायला पहिल्या दिवसापासून कुणाचीच मनाई नव्हती, हे पेढा खाणारा कशाला विचारतो?